विळ्याचा हात

घण हातातून सुटला हे विळ्याला कळलंच नाही. कळलं ते थोरल्याची किंकाळी ऐकून.

नांगरटीचे दिवस होते. जमीन वाळून दगड झालेली, त्यामुळे गावात एकाही नांगराला धड टोकाचा फाळ उरला नव्हता. लोहाराच्या दारात सकाळपासून शेतकरी आपापला फाळ मांडीवर घेऊन उकिडवे बसलेले असत. आत थोरला भाऊ सांडशीत लालभडक फाळ धरायचा, ऐरणीवर हवा तसा फिरवायचा, आणि धाकटा, म्हणजे विळ्या, दोन्ही हातांनी घण घालायचा. म्हातारा बाप भात्याची दोरी ओढायचा आणि दोरीपेक्षा जास्त तोंड चालवायचा.

"जोरात! लोखंड आहे ते, लोणी नाही."

विळ्या जोरातच घालत होता. घण वर गेला, डोक्यामागे झुकला, आणि खाली येता येता उजव्या मुठीतून दांडा निसटला. मासा निसटावा तसा, काही न सांगता. घण ऐरणीच्या कडेवर आदळला, उसळला आणि सांडशी धरलेल्या थोरल्याच्या डाव्या हातावर बसला.

दोन बोटं जागच्या जागी चेंदली. थोरल्याने हात पोटाशी घेतला, वाकला, सरळ झाला आणि दुसऱ्याच क्षणी विळ्याच्या पोटात लाथ घातली. विळ्या कोळशाच्या ढिगावर जाऊन पडला. थोरला तिथेही पोचला. एक हात रक्ताने माखलेला, दुसऱ्याने मारत होता.

"डोळे फुटले का रे? का मुद्दाम घातलास?"

"सुटला, दादा. खरंच हातातून सुटला."

"इतकी वर्षं नाही सुटला, तो आजच सुटला?"

म्हाताऱ्याने भाता सोडला. भट्टीशेजारची सळई उचलली आणि विळ्याच्या पाठीवर ओढली. एकदा, मग पुन्हा. "कामाचा कंटाळा आलाय याला. बायको आल्यापासून नखरे सुरू झालेत."

दारातले शेतकरी खाली बघायला लागले. त्यातला एक जण घसा खाकरून म्हणाला, "अहो, जाऊ द्या आता. माझा फाळ थंड होतोय."

कोणीतरी हसलं. विळ्याच्या कानात सळईच्या फटक्यापेक्षा ते हसूच जास्त वेळ घुमत राहिलं.

त्याचं खरं नाव घरातही कोणी घेत नसे. उजवा हात कोपरापासून बाहेरच्या अंगाला वळलेला होता, विळ्याच्या पात्यासारखा, म्हणून विळ्या. हात खाली सोडून उभा राहिला की पंजा मांडीपासून वीतभर लांब जायचा. जणू बाजूला कोणीतरी उभं आहे आणि हा त्याला दूर ढकलतोय. लहानपणी तो भट्टीवर लक्ष ठेवायला बसला होता, डुलकी लागली आणि विस्तव विझला. म्हाताऱ्याने, तेव्हा तो म्हातारा नव्हता, त्याला मनगटाला धरून उचललं आणि उंबऱ्यावर आपटलं. कोपर सुजून भोपळ्याएवढं झालं. हाडजोड्याने लाकडी पट्ट्या लावून हात बांधला, आणि गावाला सांगितलं गेलं की पोरगं माळ्यावरून पडलं.

सूज उतरली. कोपराच्या बाहेरच्या बाजूला एक गाठ राहिली. पोरगं वाढलं तसा हात तिरका होत गेला, पण दुखत नव्हता. त्या हाताने विळ्याने कोळशाची पोती वाहिली, गाड्यांच्या चाकांवर लोखंडी धावा चढवल्या, मिसरूड फुटायच्या आधीपासून घण घातला. वाकडा असेना, कामाला चोख होता. म्हातारा तर गिऱ्हाइकांना सांगायचा, "याचा हात देवाने घणासाठीच घडवलाय, फटका आपोआप बाजूने बसतो." लोक हसायचे, विळ्याही हसायचा.

आणि आता, इतक्या वर्षांनी, हाताने दगा दिला होता.

संध्याकाळी बायकोने त्याची पाठ पुसली. त्यांची खोली म्हणजे भट्टीच्या मागच्या भिंतीला काढलेलं छप्पर. भिंत दिवसभर तापायची आणि अंधार पडेपर्यंत निवायची नाही. पाठीवरचे वळ पुसून झाल्यावर तिने त्याचा उजवा पंजा हातात घेतला आणि उजेडाकडे धरला.

"हे कधीपासून?"

"काय?"

"हे." अंगठा आणि पहिल्या बोटाच्या मधलं मांस आत बसलं होतं. तिथे अक्षरशः खळगा पडला होता. करंगळी आणि शेजारचं बोट आत वळून बसली होती; तिने सरळ केली तरी पुन्हा मिटत होती.

"असेल चार-सहा महिने. मुंग्या येतात. आधी मुंग्या यायच्या, आता तेही कमी झालंय."

तिने केसातला आकडा काढला आणि त्याच्या करंगळीला टोचला. तो तिच्याकडे बघत राहिला.

"टोचलं?"

"कधी?"

तिने आकडा परत केसात खोचला. मग म्हणाली, "उद्या शहरातल्या दवाखान्यात जायचं."

"बाबांना विचारतो."

"हात बाबांचा आहे का?"

आयुष्यात पहिल्यांदा कोणीतरी त्याला हे विचारलं होतं.

दुसऱ्या दिवशी त्याने विचारलं. थोरला भिंतीला टेकून बसला होता. चेंदलेली बोटं फडक्यात गुंडाळलेली, तोंड काळवंडलेलं. भट्टी पेटवलेली होती, एक फाळ निखाऱ्यात तसाच पडून होता, पण काम बंद होतं. दारात फाळांचा ढीग साचत होता आणि शेतकरी शिव्या घालून परत जात होते. म्हाताऱ्याने विळ्याचं बोलणं ऐकून घेतलं, त्याचा पंजा पाहिला, कोपर चाचपलं. कोपराच्या आतल्या बाजूला त्याचं बोट पडताच विळ्याच्या करंगळीपर्यंत वीज चमकून गेली. तो ओरडला.

"बघ, रोग इथे आहे," म्हातारा खूश होऊन म्हणाला. "दवाखान्यात कशाला जायचं? वाकलेलं लोखंड आपण काय करतो? तापवतो आणि सरळ करतो. ज्याने बांधला होता तोच सरळ करेल."

"बाबा, हाड आहे ते."

"मग? हाड काय लोखंडापेक्षा कडक असतं?"

हाडजोड्या दुपारीच आला. आता तोही थकला होता, पण हातात अजून पकडीसारखा जोर होता. त्याने तेल गरम करायला सांगितलं. विळ्याच्या बायकोला म्हाताऱ्याने पाण्याला पाठवून दिलं. विळ्याला खाली बसवलं, कोपराला तेल चोळलं, वर गरम विटेचा शेक दिला. इथपर्यंत बरं वाटत होतं. विळ्याला वाटलं, कदाचित म्हाताऱ्याचं खरंही असेल. थोरल्याचा हात आपण निकामी केलाय, निदान आपला तरी बरा व्हावा, म्हणजे घर चालेल. तो मुकाट बसला.

मग हाडजोड्या म्हणाला, "आता धरा."

थोरला त्याच्या मांड्यांवर बसला, सगळं वजन टाकून. म्हाताऱ्याने खांदा ऐरणीशी दाबून धरला. वाकडं कोपर ऐरणीवर आलं, गार लोखंड कातडीला लागलं, तेव्हा विळ्याच्या लक्षात आलं की ही माणसं खरोखरच करणार आहेत.

"नको," तो म्हणाला. "बाबा, नको. दादा, ऊठ."

थोरल्याने तोंड फिरवलं.

हाडजोड्याने मनगट धरलं आणि सगळ्या अंगाचा भार देऊन हात आतल्या अंगाला दाबला. आधी काहीच झालं नाही. मग आतून आवाज आला, वाळकी फांदी पायाखाली यावी तसा. विळ्याच्या घशातून जे निघालं त्याला ओरडणं म्हणता येणार नाही. गुरासारखा हंबरला तो. डोळ्यांपुढे पांढरं झालं.

"अजून थोडं राहिलंय," हाडजोड्या म्हणाला. "पुन्हा धरा."

"सोडा त्यांना!"

बायको दारात होती. घागर तिने उंबऱ्याबाहेरच टाकली होती, पाणी तिच्या पायांखालून आत येत होतं. कोणी हललं नाही. म्हातारा म्हणाला, "बाईमाणसाचं इथे काम नाही. चल, आत हो."

ती भट्टीकडे गेली. सांडशी उचलली, निखाऱ्यातला फाळ पकडला आणि बाहेर काढला. फाळ पिवळा-लाल झाला होता, त्याच्या भोवतालची हवा थरथरत होती. ती तो दोन्ही हातांनी पुढे धरून चालत आली.

हाडजोड्याने मनगट सोडलं आणि बसल्या बसल्याच मागे सरकत सरकत दार गाठलं. एवढ्या म्हातारपणी माणूस इतक्या चपळाईने पळू शकतो हे पाहून एरवी हसू आलं असतं. थोरलाही मांडीवरून उठला. म्हातारा मात्र जागचा हलला नाही. खांद्यावरची पकड तशीच ठेवून तो सुनेकडे बघत होता.

"लावशील? सासऱ्याला लावशील?"

तिने फाळ त्याच्या मांडीशेजारच्या फळीवर टेकवला. फळी धुमसायला लागली. म्हाताऱ्याच्या धोतराचा काठ करपायला लागला, तेव्हा तो उठला, पण उठला तो तिच्यावरच. एका हाताने तिचे केस धरले, दुसऱ्याने तिच्या तोंडावर मारलं. सांडशी खाली पडली, फाळ मातीत घरंगळला. त्याने तिला वाकवलं आणि पाठीत गुडघा घातला, आणि पुन्हा हात उगारला.

विळ्या कसा उठला ते त्यालाही नंतर सांगता येईना. उजवा हात कोपरापासून लोंबत होता. डाव्या मुठीने त्याने बापाच्या जबड्यावर ठोसा मारला. म्हातारा आडवा गेला, तोंड ऐरणीच्या कोपऱ्यावर आपटलं, आणि तो खाली बसला तेव्हा त्याच्या हनुवटीवरून रक्त आणि दोन दात मातीत पडले.

भट्टीत कोळसे तडतडत होते. थोरला तोंड उघडं टाकून बघत राहिला. बापावर हात उचललेला या घरात कोणी पाहिला नव्हता.

विळ्याच्या मनात आलं, आता जमीन दुभंगेल. ती दुभंगली नाही. बायकोने डोक्यावरचा पदर सारखा केला, पदराचा काठ फाडून त्याचा लोंबता हात गळ्यात बांधला आणि म्हणाली, "चला. एसटी निघायच्या आत पोचू."

दवाखान्यात हाडांची डॉक्टरीण होती, चष्मा कपाळावर चढवलेली, जेवायला न मिळाल्यासारखी चिडकी. तिने कोपराचा फोटो काढून घेतला, उजेडावर धरला आणि विचारलं, "लहानपणी मोडला होता?"

"पडलो होतो," विळ्या म्हणाला. "माळ्यावरून."

"आणि आज?"

"आजही... पडलोच."

"पडले नाहीत," बायको म्हणाली. तिचा ओठ सुजला होता. "आज तिघांनी दाबून मोडला. आणि लहानपणी बापाने उंबऱ्यावर आपटला. सगळं लिहून घ्या."

विळ्याने तिच्याकडे पाहिलं. हे तिला त्याने लग्नानंतर एकदाच सांगितलं होतं, तेही हसत हसत. डॉक्टरणीने चष्मा डोळ्यांवर घेतला. मग तिचा आवाज बदलला.

तिने फोटोत बोट ठेवून दाखवलं. कोपराच्या बाहेरच्या बाजूचा हाडाचा एक तुकडा तेव्हा तुटला होता आणि कधी जुळलाच नव्हता. ती बाजू वाढली नाही, दुसरी वाढत गेली, म्हणून हात बाहेर वळला. करंगळीकडे जाणारी नस कोपराच्या मागून, आतल्या बाजूने जाते. हात वळला तशी ती ताणली गेली. रोज घण घालताना थोडी थोडी घासत राहिली. इतकी वर्षं तिने सहन केलं, आता तिचा दम संपला होता.

"म्हणजे तेव्हाच्या दुखण्याचं आत्ता?" विळ्याने विचारलं.

"हो. असं होतं. लहानपणचं फार उशिरा उगवतं कधी कधी. आजच्या दाबण्याने एक नवीन तडा गेलाय तो वेगळा."

"हात सरळ होईल?"

"तुम्हाला सरळ हात हवाय की चालणारी बोटं?"

सरळ हात हे त्याचं लहानपणापासूनचं स्वप्न होतं. शर्टाच्या बाहीत नीट बसणारा, कोणाच्या नजरेत न येणारा. "बोटं," तो म्हणाला.

"मग आधी नस वाचवू. तिला मागून काढून पुढे घेते, म्हणजे ताण कमी होईल. जेवढी मेली ती परत येईलच असं सांगत नाही. राहिली आहे ती वाचेल. घण मात्र विसरा."

शेवटचं वाक्य ती दुसरा कागद ओढता ओढता बोलली. विळ्याला ते ऑपरेशनपेक्षा जास्त लागलं. लोहाराने घण विसरायचा, मग तो लोहार कसला?

ऑपरेशन झालं. हात कित्येक आठवडे गळ्यात राहिला. या काळात ती दोघं बायकोच्या माहेरी, दगडाच्या खाणीवर राहिली. ती तिच्या भावांबरोबर दगड फोडायला जायची, हा सावलीत बसून डाव्या हाताने छिन्न्यांना धार काढायचा. हळूहळू मुंग्या परत आल्या. इतका आनंद त्याला मुंग्यांचा कधी होईल असं वाटलं नव्हतं. करंगळी मात्र वळलेलीच राहिली.

एक दिवस थोरला तिथे आला. दाढी वाढलेली. डाव्या हाताची दोन बोटं जुळली होती, पण काठीसारखी ताठ. तो दगडांच्या राशीवर टेकला.

"बाबांनी बोलावलंय," तो म्हणाला. "माफी मागायची. मग घरात घेतील."

"आणि काम?"

"काम कुठाय? मला सांडशी धरवत नाही. रोजाने एक घणकरी ठेवला, तोही बाबांच्या तोंडाला कंटाळून पळाला. गिऱ्हाईक दुसऱ्या गावी जायला लागलंय." मग खाली बघत म्हणाला, "मी त्या दिवशी मांडीवर बसलो होतो तुझ्या. झोपलो की तो आवाज येतो."

विळ्याने हातातली छिन्नी दगडावर ठेवली. दुसऱ्या दिवशी सकाळी तिघंही निघाली.

भट्टी पेटलेली होती. म्हातारा ऐरणीपाशी स्टुलावर बसला होता. दात गेल्याने गाल आत ओढले गेले होते, त्याने तो एकदम फार म्हातारा दिसत होता. दारात तीन-चार शेतकरी होते. बातमी लागल्यासारखे जमलेले. म्हाताऱ्याच्या हाताशी सांडशी होती. विळ्या त्याच्यासमोर उभा राहिला.

"मी तुमच्यावर हात उचलला," तो म्हणाला. "त्याची माफी मागतो."

म्हाताऱ्याने मान हलवली. "हं."

"आता तुम्ही मागा."

"मी? कशाची?"

"या हाताची. उंबऱ्यावर आपटला होतात."

म्हातारा त्याच्याकडे बघत राहिला. त्याच्या चेहऱ्यावर राग नव्हता, खोटेपणाही नव्हता. तो खरोखरच आठवत होता. "तू तर माळ्यावरून पडला होतास," तो म्हणाला. "मीच तुला खांद्यावर घालून नेला हाडजोड्याकडे. पावसात."

इतकी वर्षं जे त्याने हाडात वागवलं होतं ते म्हाताऱ्याच्या गावीही नव्हतं. गावाला सांगितलेलं तो स्वतःच खरं मानून बसला होता. भांडायचं तरी कोणाशी?

"नाही, बाबा."

आवाज मागून आला. थोरला उंबऱ्यापाशी उभा होता.

"माळ्यावरून नाही. तुम्ही आपटलात. मी इथेच दारात उभा होतो, मी पाहिलं. विस्तव माझ्यामुळे विझला होता, भाता माझ्याकडे होता आणि मी बाहेर खेळायला गेलो होतो. आणि दोष त्याच्यावर ढकलला."

म्हाताऱ्याचा चेहरा हळूहळू लाल झाला. जे आठवत नव्हतं ते आठवलं की काय कोण जाणे. हात सांडशीकडे गेला आणि त्याने ती सगळ्या जोराने थोरल्यावर फेकली. थोरला हलला नाही. सांडशी त्याच्या भुवईवर लागली, कातडी फाटली, रक्त डोळ्यात उतरलं. म्हातारा सळई घ्यायला वळला. विळ्याने ती आधीच डाव्या हातात घेतली होती.

क्षणभर सगळ्यांना वाटलं, आता हा मारतो. म्हाताऱ्यालाही वाटलं, त्याने हात डोक्यावर धरले. तसा हात डोक्यावर धरून विळ्या या जागेत कितीदा उभा राहिला होता. बापाचे कोपरांपाशी सैल झालेले, सुरकुतलेले हात त्याला दिसले. दोन्ही सरळ होते.

त्याने सळई भट्टीत खुपसली.

"घरात जा, बाबा," थोरला म्हणाला. "आजपासून इथे बसू नका."

म्हातारा दोघांकडे बघत राहिला, मग दारातल्या शेतकऱ्यांकडे. त्यांनी नजरा आपापल्या फाळांवर वळवल्या. तो उठला, भिंतीला धरून धरून आत गेला. आतून बराच वेळ त्याच्या शिव्या ऐकू येत होत्या. मग त्याही थांबल्या.

थोरल्याने फडक्याने डोळा पुसला, भात्यापाशी बसला आणि उजव्या हाताने दोरी ओढायला लागला. विळ्याने जमिनीवरची सांडशी उचलून डाव्या हातात घेतली.

"अरे, पण घण कोण घालणार?" दारातल्या एकाने विचारलं.

बायकोने पदर कमरेला खोचला आणि कोपऱ्यातला घण उचलला. हातात तोलून पाहिला. "दगडापेक्षा लोखंड मऊच की," ती म्हणाली.

"बाई घण घालणार? मग माझ्या फाळाचं काही खरं नाही."

"मग न्या परत," थोरला भात्यावरून म्हणाला. शेतकरी उठला नाही.

फाळ लाल झाला. विळ्याने तो डाव्या हाताने ओढून ऐरणीवर धरला. डाव्या हाताला सवय नव्हती, फाळ जरा तिरकाच बसला. समोर बायकोने पाय फाकून उभं राहत घण डोक्यावर नेला. ती तशीच थांबली.

"घाबरलात?"

"छे."

"मग डोळे का मिटलेत?"

विळ्याने डोळे उघडले.

"घाल," तो म्हणाला.